दार उघडण्याचा गुन्हा

२ मे १९३८ रोजी फ्रान्सच्या दलादिए सरकारने परकीयांविषयी एक हुकूम काढला. बेकायदा आलेल्या परक्या माणसाला देशात शिरायला, फिरायला किंवा राहायला जो कोणी प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष मदत करील तो शिक्षेस पात्र राहील, असे त्यातले एक कलम होते. त्या वेळी जर्मनीतून आणि काही आठवड्यांपूर्वीच हिटलरने गिळलेल्या ऑस्ट्रियातून ज्यू कुटुंबे जीव मुठीत धरून बाहेर पडत होती आणि पिरेनीज पर्वताच्या पलीकडे स्पेनमध्ये यादवी युद्ध पेटलेले होते. पुढे महायुद्ध झाले, नाझींशी हातमिळवणी करणारी व्हिशीची राजवट आली आणि गेली, प्रजासत्ताक पुन्हा उभे राहिले. पण २ नोव्हेंबर १९४५ च्या वटहुकुमात हे कलम जवळजवळ होते तसे उतरले आणि तेथून पुढच्या कायद्यांत वाहत राहिले. अलीकडच्या काळात त्याची कमाल शिक्षा पाच वर्षे कैद आणि ३० हजार युरो दंड इतकी होती. परक्या माणसाला आसरा देणे हा गुन्हा असू शकतो का, आणि असल्यास तो नेमका कोणाविरुद्धचा गुन्हा आहे, हा प्रश्न या कलमामुळे फ्रान्समध्ये पुन्हापुन्हा न्यायालयाच्या दारात उभा राहिला आहे.

या कलमाकडे मी कायद्याच्या वाटेने आलो नाही. इमॅन्युएल लेव्हिनास या तत्त्वज्ञाला वाचताना, त्याच्या विचाराची कसोटी कुठे लागते याचा शोध घेत मी तिथे पोहोचलो. दुसऱ्या माणसाविषयीच्या आपल्या जबाबदारीला विसाव्या शतकातील युरोपीय तत्त्वज्ञानात लेव्हिनासइतके मूळचे स्थान दुसऱ्या कोणी दिले असेल असे मला वाटत नाही. त्याचा विचार खरा असेल, तर दार उघडणाऱ्याला शिक्षा करणारा कायदा स्वतःच्याच पायावर घाव घालतो, असे माझे म्हणणे आहे. आणि हे म्हणणे केवळ सद्भावनेचे नाही. कायदा कशासाठी असतो याविषयीचे ते आहे.

लेव्हिनासचा जन्म १९०६ सालचा, लिथुआनियातल्या कौनास या गावचा. तेव्हा ते रशियन साम्राज्यात होते. १९२३ साली तो शिकायला स्ट्रासबुर्गला आला आणि तिथे मॉरिस ब्लांशो या तरुणाशी त्याची जन्मभराची मैत्री जुळली. १९२८-२९ मध्ये फ्रायबुर्गला जाऊन त्याने हुसर्ल आणि हायडेगर या दोन जर्मन तत्त्वज्ञांची व्याख्याने ऐकली, आणि हायडेगरने तो भारावून गेला. चार वर्षांनी हायडेगर नाझी पक्षाचा सभासद झाला आणि विद्यापीठाचा कुलगुरू म्हणून त्याने केलेले भाषण गाजले. अनेक जर्मनांना क्षमा करता येईल, पण हायडेगरला क्षमा करणे अवघड आहे, असे लेव्हिनासने पुढे लिहिले आहे. इतक्या खोल विचाराच्या माणसाला शेजाऱ्याचे काय होते आहे हे दिसू नये, याचे कारण त्या विचारातच कुठेतरी असले पाहिजे, ही शंका त्याला आयुष्यभर छळत राहिली. हायडेगरचा माणूस 'असणे' म्हणजे काय हे विचारतो, स्वतःच्या मृत्यूची चिंता वाहतो. पण समोरच्या उपाशी माणसापाशी त्याचे विचारणे थांबत नाही.

१९३९ साली लेव्हिनास फ्रेंच सैन्यात दुभाषा म्हणून दाखल झाला आणि १९४० मध्ये पकडला गेला. जर्मनीत फालिंगबोस्टेल भागातल्या छावणीत, ज्यू युद्धकैद्यांच्या वेगळ्या तुकडीत, त्याने युद्ध संपेपर्यंत जंगलात लाकूडतोडीचे काम केले. अंगावर फ्रेंच सैनिकाचा गणवेश होता म्हणून तो वाचला. लिथुआनियात राहिलेले आई, वडील आणि दोन भाऊ मारले गेले. फ्रान्समधल्या त्याच्या पत्नीला आणि लहान मुलीला ब्लांशोने मदत केली आणि त्या पुढे एका कॉन्व्हेंटच्या आश्रयाने लपून राहिल्या. १९३८ चे ते कलम त्यांच्यासाठी लिहिलेले नव्हते. त्या काही बेकायदा आलेल्या परकीय नव्हत्या. पण ज्याला राज्याने नकोसा ठरवला आहे त्याला घरात घेणे म्हणजे काय, हे त्या वर्षांत युरोपातल्या प्रत्येक दाराला ठाऊक झाले होते, आणि लेव्हिनासचे घर अशाच कोणा दुसऱ्याच्या उघडलेल्या दारामुळे उरले होते.

त्या छावणीतली एक आठवण त्याने १९७५ साली लिहिली. रस्त्याने जाणारी माणसे, बायका आणि मुलेसुद्धा, कैद्यांकडे अशा नजरेने बघत की जणू त्यांच्या अंगावरचे माणूसपण सोलून काढले जात आहे. मग काही आठवड्यांसाठी कुठूनसा एक भटका कुत्रा त्या तुकडीत आला. सकाळी हजेरीच्या वेळी आणि संध्याकाळी कामावरून परतताना तो उड्या मारत, आनंदाने भुंकत त्यांचे स्वागत करी. पहारेकऱ्यांनी त्याला हाकलून लावेपर्यंत एवढा एकच जीव असा होता, ज्याच्या लेखी ते सत्तर लोक निःसंशय माणसे होते. नाझी जर्मनीतला हा शेवटचा कांटवादी, म्हणजे नीतीचा नियम सर्वांना सारखा लागू झाला पाहिजे असे सांगणाऱ्या जर्मन तत्त्वज्ञ कांटचा अनुयायी, असे लेव्हिनास त्याच्याविषयी म्हणतो. नियमाला सार्वत्रिक करण्याइतकी बुद्धी मात्र त्याच्यापाशी नव्हती. हे वाक्य मी अनेकदा वाचले आहे आणि दर वेळी त्याच्या उत्तरार्धापाशी अडखळलो आहे. नीती बुद्धीने सिद्ध करण्याआधी, माणूस म्हणून ओळखण्याची एक क्रिया घडलेली असावी लागते; ती घडली नाही तर बाकी सारे ज्ञान असूनही हजेरीच्या रांगेत फक्त आकडे दिसतात.

१९६१ साली 'समग्रता आणि अनंत' या ग्रंथात त्याने या ओळखीला 'चेहरा' हे नाव दिले. चेहरा म्हणजे नाक-डोळे नव्हेत. समोरच्याच्या डोळ्यांचा रंगही लक्षात येऊ नये, असे त्याला भेटणे हेच खरे भेटणे, असे त्याने पुढे एका मुलाखतीत सांगितले. रंग लक्षात आला की आपण त्याचे निरीक्षण करू लागतो, त्याला एखाद्या वर्गात बसवतो: अमुक वंशाचा, अमुक देशाचा, कागदपत्रे असलेला, कागदपत्रे नसलेला. चेहरा या वर्गांत मावत नाही. तो उघडा आहे, त्याला इजा करता येते, आणि नेमक्या त्या उघडेपणातून 'तू मला मारू नकोस' अशी आज्ञा येते. ही आज्ञा मोडता येते, रोज मोडली जाते. पण ऐकूच आली नाही असे म्हणता येत नाही. आपल्याकडे 'तोंड फिरवणे' असा वाक्प्रयोग आहे. ज्याने तोंड फिरवले त्याला आधी हाक ऐकू आलेली असते, एवढे तो वाक्प्रयोग स्वतःच कबूल करतो.

इथे मराठीतला एक शब्द या विचाराच्या फार जवळ जातो. 'जबाबदारी' या शब्दात 'जबाब' आहे, म्हणजे उत्तर. फ्रेंच आणि जर्मन भाषांतल्या जबाबदारीच्या शब्दांतही उत्तर देण्याचाच धातू आहे. पण मराठीत 'जाब विचारणे' असाही प्रयोग आहे, आणि लेव्हिनासला जे सांगायचे आहे ते त्याने अधिक नेमके सांगितले जाते. आपण सहसा समजतो की मी आधी एक स्वतंत्र माणूस आहे, मग मी वचने देतो, करार करतो, संसार मांडतो, आणि त्यातून माझ्यावर जबाबदाऱ्या येतात. लेव्हिनास हा क्रम उलटा करतो. समोरचा माणूस काही न बोलता मला जाब विचारतो, आणि त्या जाबाचे उत्तर देणारा म्हणून मी 'मी' होतो. माझ्या जागी दुसरा कोणी ते उत्तर देऊ शकत नाही, म्हणून मी एकमेव आहे. ही जबाबदारी मी निवडलेली नाही, तिच्यासाठी मी काही चुकीचे केलेले असण्याची गरज नाही, आणि समोरचाही माझ्याशी तसाच वागेल की नाही हा त्याचा प्रश्न आहे. दोस्तोयेव्स्कीच्या 'करामाझोव्ह बंधू' या कादंबरीतले एक वाक्य तो पुन्हापुन्हा उद्धृत करी: आपण सर्व जण सर्वांसाठी, सर्वांसमोर अपराधी आहोत, आणि मी इतरांपेक्षा अधिक.

याला अनेकांनी अतिरेक म्हटले आहे, आणि तो अतिरेक आहेच. पॉल रिकर या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९९० साली घेतलेला आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो. रिकरही युद्धकैदी होता. पाच वर्षे त्याने जर्मन छावणीत काढली. त्याचा प्रश्न साधा आहे: 'मी' जर इतका हतबल असेल की समोरचा त्याला अक्षरशः ओलीस धरतो, तर हाक ऐकणार कोण आणि उत्तर देणार कोण? ज्याला स्वतःविषयी काही आदर नाही, ज्याच्या अंगी काही करण्याची कुवत नाही, तो दुसऱ्याला काय देणार? म्हणून रिकर म्हणतो की चांगल्या जीवनाची इच्छा, दुसऱ्यांसोबत आणि दुसऱ्यांसाठी, न्याय्य संस्थांच्या आत, ही नीतीची दिशा असली पाहिजे. मला रिकरचे हे म्हणणे पटते, विशेषतः संस्थांविषयीचे. पण जबाबदारी कुठून सुरू होते या प्रश्नाचे उत्तर त्याने मिळत नाही, आणि तिथे मी लेव्हिनासच्या बाजूला आहे. दारावर थाप पडते तेव्हा आपण आपल्या चांगल्या जीवनाचा आराखडा उघडून बघत नाही. थाप ऐकू आलेली असते, आणि त्यानंतर आपण जे काही करू, गप्प बसणे धरून, ते सारे उत्तरच असते.

दुसरा आक्षेप याहून अवघड आहे, आणि तो लेव्हिनासने स्वतःच स्वतःपुढे मांडला. जगात मी आणि समोरचा असे दोघेच असतो तर अडचण नव्हती. पण एक तिसराही असतो. तोही माझा शेजारी, आणि तो समोरच्याचाही शेजारी. समोरच्याला दिलेली भाकरी कदाचित तिसऱ्याची असेल. समोरच्याने तिसऱ्यावर अन्याय केलेला असेल. तेव्हा ज्यांची तुलना करता येत नाही त्यांची तुलना करावी लागते, मोजावे लागते, निवाडा करावा लागतो; आणि यातून न्यायालये, कायदा, राज्य यांची गरज जन्म घेते. १९७४ सालच्या त्याच्या दुसऱ्या मोठ्या ग्रंथातला हा भाग घाईने वाचणाऱ्यांच्या हातून निसटतो. माणसे एकमेकांवर तुटून पडतील या भीतीने राज्य आले, असे सतराव्या शतकातला इंग्रज विचारवंत हॉब्ज सांगतो. लेव्हिनासच्या मते माझी जबाबदारी एकाच माणसापुरती उरत नाही, म्हणून राज्य लागते. मग राज्य ही माझ्या जबाबदारीला घातलेली मर्यादा नसते. ती अनेकांपर्यंत पोहोचवण्याचे ते साधन असते. आणि म्हणूनच त्याच्यावर सतत पहारा ठेवावा लागतो, कारण अधिकाऱ्याला दिसूच शकत नाहीत असे काही अश्रू असतात, असे तो लिहितो. अधिकारी वाईट असतो म्हणून नव्हे. नियम सर्वांना समान लावायचा तर एकाच चेहऱ्याकडे बघत बसता येत नाही म्हणून.

या 'तिसऱ्या'चा उपयोग मात्र दोन उलट दिशांनी करता येतो. एक दिशा अशी, की तिसरा दिसला म्हणजे माझी जबाबदारी वाढली. दुसरी अशी, की तिसरा दिसला म्हणजे मी सुटलो: 'आधी आपले लोक, मग परके', 'एकाला घेतले तर शंभर येतील'. ही दुसरी वाट किती मोहात पाडणारी आहे याचा दाखला दुर्दैवाने लेव्हिनासच्याच आयुष्यात आहे. सप्टेंबर १९८२ मध्ये बैरुतच्या साब्रा आणि शातिला या निर्वासित छावण्यांत ख्रिस्ती फालांज सशस्त्र गटाने पॅलेस्टिनी माणसांची कत्तल केली, आणि तो परिसर तेव्हा इस्रायली सैन्याच्या ताब्यात होता. त्याच महिन्यात रेडिओवर झालेल्या संभाषणात त्याला विचारण्यात आले की इस्रायली माणसासाठी 'दुसरा' म्हणजे सर्वांत आधी पॅलेस्टिनीच नव्हे का. आपली दुसऱ्याची व्याख्या वेगळी आहे, असे तो म्हणाला. दुसरा म्हणजे शेजारी, जो नातलग असेलच असे नाही, पण असूही शकतो. आणि एका शेजाऱ्याने दुसऱ्या शेजाऱ्यावर हल्ला केला तर काय करायचे. तेव्हा दुसरेपणात शत्रूही सापडू शकतो.

त्या संभाषणात त्याने हत्याकांडाने आलेल्या जबाबदारीचाही उच्चार केला होता आणि इस्रायलमध्ये उठलेल्या संतापाचे स्वागत केले होते, हे सांगितले पाहिजे. तरीही त्या उत्तराने मला आजवर अस्वस्थ केले आहे. कारण प्रश्न मेलेल्यांविषयी होता, आणि उत्तर शेजारी कोण या व्याख्येकडे वळले. ज्याने चेहऱ्याला वर्गात बसवू नका असे सांगितले, त्यानेच त्या क्षणी वर्गीकरण केले. यावरून त्याचा विचार खोटा ठरत नाही. उलट, तिसऱ्याचे नाव घेऊन माणूस किती सहज निसटतो, आणि म्हणून 'तिसऱ्या'चा कोणता उपयोग खरा आणि कोणता पळवाटेचा हे ओळखण्याची खूण आपल्यापाशी का असली पाहिजे, हे त्यातून कळते. माझ्या मते ती खूण अशी: न्यायासाठी तिसऱ्याचे नाव घेणारा समोरच्यालाही काहीतरी उत्तर देतो, कमी का होईना; पण जो समोरच्याला काहीच उत्तर द्यावे लागू नये म्हणून तिसऱ्याचे नाव घेतो, त्याच्या तोंडी न्यायाचा फक्त शब्द असतो.

आता पुन्हा त्या कलमाकडे. १९९६ च्या उन्हाळ्यात पॅरिसच्या अठराव्या विभागातल्या सँ-बेर्नार चर्चमध्ये सुमारे ३०० आफ्रिकी स्त्रीपुरुषांनी आणि मुलांनी आश्रय घेतला होता. त्यांच्यापाशी राहण्याचे परवाने नव्हते, आणि त्यांतले काही जण उपोषणाला बसले होते. २३ ऑगस्टला पोलिसांनी कुऱ्हाडींनी चर्चचे दार फोडून त्यांना बाहेर काढले. पुढच्या फेब्रुवारीत, परक्या पाहुण्याला घरी ठेवणाऱ्याने तो गेल्याची वर्दी नगरपालिकेला द्यावी अशी तरतूद असलेल्या सरकारी विधेयकाविरुद्ध पॅरिसमध्ये प्रचंड मोर्चा निघाला आणि ती तरतूद मागे घ्यावी लागली. फ्रेंच तत्त्वज्ञ जाक देरिदा या काळात परवाने नसलेल्या लोकांच्या बाजूने जाहीरपणे उभा राहिला. 'आतिथ्याचा गुन्हा' हा शब्दप्रयोग कानावर पडला तेव्हा आपण हादरून गेलो, असे त्याने डिसेंबर १९९६ मधल्या भाषणात सांगितले.

देरिदाने लेव्हिनासच्या मागणीला राजकारणाच्या उंबरठ्यावर आणून ठेवले. आतिथ्याचा एक बिनशर्त नियम आहे: जो येईल त्याला नाव-गाव न विचारता आत घ्यावे. आणि आतिथ्याचे अनेक सशर्त कायदे आहेत: कोण, किती दिवस, कोणत्या हक्काने. हे दोन एकमेकांचे विरोधक आहेत, तरी एकमेकांवाचून जगू शकत नाहीत. कायद्यांवाचून बिनशर्त आतिथ्य नुसते स्वप्न राहते. बिनशर्त आतिथ्याची ओढ उरली नाही तर कायदे हे केवळ पहारेकऱ्याचे नियमपुस्तक होतात. देरिदा इथे कांटलाही बोलावतो. १७९५ च्या शाश्वत शांतीवरील निबंधात कांट परक्याला भेटीचा हक्क देतो, वास्तव्याचा देत नाही. परक्याला परत पाठवता येईल असे तो मान्य करतो, पण त्याच्या नाशाला कारण न होता ते करता येत असेल तरच. देरिदाला हा हक्क तोकडा वाटला, आणि तो तोकडा आहेही. पण कांटची ती अट मी या लेखाच्या शेवटपर्यंत हाताशी ठेवणार आहे, कारण आजचे कायदे तेवढीही पाळत नाहीत.

इटलीला लागून असलेल्या रोया खोऱ्यात सेद्रिक एरू नावाचा एक शेतकरी ऑलिव्हची झाडे आणि कोंबड्या सांभाळतो. २०१५ साली फ्रान्सने त्या सीमेवर तपासणी पुन्हा सुरू केली, तेव्हा इटलीच्या व्हेंतिमिल्यात अडकलेली सुदान, इरिट्रिया वगैरे देशांतली माणसे डोंगरवाटांनी त्या खोऱ्यात उतरू लागली. एरूने त्यांना गाडीत घेतले, शेतावर ठेवले, जेवू घातले, आश्रयाचा अर्ज करता यावा म्हणून पुढे पोहोचवले. कायद्यात तेव्हा काही सवलती होत्या. गंमत नव्हे, विचार करण्यासारखी गोष्ट अशी की १९९६ साली पहिली सूट मिळाली ती जवळच्या नातलगांना. आपल्या माणसाला आसरा दिला तर क्षम्य, एवढे कायद्याला प्रथम समजले. निःस्वार्थ मदतीला सूट पुढे मिळाली, पण ती वास्तव्यापुरती. गाडीत बसवून नेणे तिच्यात येत नव्हते. फेब्रुवारी २०१७ मध्ये नीसच्या न्यायालयाने एरूला ३ हजार युरोचा स्थगित दंड ठोठावला. ऑगस्टमध्ये वरच्या न्यायालयाने ती शिक्षा चार महिन्यांच्या स्थगित कैदेपर्यंत वाढवली.

६ जुलै २०१८ रोजी, कायदे घटनेला धरून आहेत की नाहीत हे तपासणाऱ्या फ्रान्सच्या घटनापरिषदेने या प्रकरणात दिलेला निर्णय मला आपल्या काळातल्या महत्त्वाच्या निर्णयांपैकी एक वाटतो. स्वातंत्र्य, समता, बंधुता हे प्रजासत्ताकाचे ब्रीद घटनेत लिहिलेले आहे. त्यातील बंधुता हे नुसते ब्रीद नसून घटनात्मक मूल्य असलेले तत्त्व आहे, आणि त्यातून माणुसकीच्या हेतूने दुसऱ्याला मदत करण्याचे स्वातंत्र्य निघते, तो या देशात कायदेशीररीत्या राहतो की नाही हे न पाहता, असे परिषदेने म्हटले. परकीयांना देशात येण्याचा आणि राहण्याचा सरसकट हक्क घटना देत नाही, हेही तिने त्याच निर्णयात सांगितले. या दोन विधानांत विसंगती नाही. राज्याने कोणाला परवाना द्यावा हा तिसऱ्याचा, म्हणजे सर्वांच्या हिशेबाचा प्रश्न आहे आणि तो राज्याने नियमाने सोडवावा. पण समोर आलेल्या भुकेल्याला नागरिकाने दिलेले उत्तर राज्याने शिक्षापात्र ठरवू नये, कारण ज्या जबाबदारीतून राज्याला त्याचा अधिकार मिळतो, तीच तिथे काम करत असते. एरूची शिक्षा पुढे रद्द झाली. मे २०२० मध्ये ल्यों येथील न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले आणि मार्च २०२१ मध्ये तो निकाल कायम झाला.

बंधुता या शब्दाविषयी देरिदाला मात्र संशय होता. १९९४ च्या मैत्रीच्या राजकारणावरील पुस्तकात तो विचारतो की लोकशाहीची सोबत दाखवायला दर वेळी भावाचीच प्रतिमा का लागते. भाऊ म्हटला की रक्त आले, एक घर आले, आणि घराबाहेर राहिलेला परकाही आला. मराठी वाचकाला इथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर आठवल्यावाचून राहणार नाहीत. बंधुतेवाचून समता आणि स्वातंत्र्य हे रंगाच्या वरवरच्या थराइतकेच खोल राहतील, असे त्यांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत सांगितले. आणि 'रिडल्स इन हिंदुइझम'मध्ये, फ्रेंच क्रांतिकारकांचा बंधुता हा शब्द पुरेसा नाही, बुद्धाचा 'मैत्री' हा शब्दच योग्य, असे लिहिले. ज्या समाजात भाऊ कोण आणि कोण नाही हे जन्मानेच ठरवले जाई, त्या समाजातून आलेल्या विचारवंताला भावाच्या प्रतिमेचा तोकडेपणा जाणवला, आणि फ्रेंच तत्त्वज्ञानात त्याच शंकेची वाट देरिदाने वेगळ्या दिशेने गाठली. मैत्रीला नात्याचा आधार लागत नाही. फ्रेंच घटनापरिषदेने शब्द बंधुता वापरला, पण वास्तव्यापुरती असलेली सूट परक्याच्या प्रवासापर्यंत नेताना तिने अर्थ मैत्रीचा घेतला, असे मी समजतो.

इतके सगळे करून तो निर्णय एका ठिकाणी थांबला, आणि तिथे तो मला चुकीचा वाटतो. वास्तव्य आणि देशांतर्गत प्रवास यांतील निःस्वार्थ मदतीला संरक्षण मिळाले. देशात प्रवेश करताना केलेल्या मदतीला मिळाले नाही. प्रवेशातून मुळातली बेकायदा स्थिती निर्माण होते, आधीच आत असलेल्याला गाडीत घेतल्याने होत नाही, असे कारण परिषदेने दिले. कायद्याच्या भाषेत हा फरक समजतो. पण जबाबदारी ही सीमारेषेच्या अलीकडे जागी आणि पलीकडे झोपलेली अशी असू शकत नाही. चेहरा आधी आपला मुक्काम सांगत नाही. शिवाय माणसांच्या चोरट्या वाहतुकीला आळा घालायचा, हे राज्याचे उद्दिष्ट या फरकाने साधत नाही. ते उद्दिष्ट खरे आहे, आणि माणसांना पैसे घेऊन मृत्यूच्या तोंडी लोटणाऱ्या टोळ्यांबद्दल मला तीळभरही सहानुभूती नाही. पण संयुक्त राष्ट्रांच्या २००० सालच्या करारपत्रानेच या गुन्ह्याची व्याख्या आर्थिक किंवा अन्य भौतिक लाभासाठी घडवून आणलेला बेकायदा प्रवेश अशी केली आहे. लाभ हा गुन्ह्याचा गाभा आहे. युरोपीय संघाच्या २००२ च्या निर्देशाने प्रवेशाच्या बाबतीत ही लाभाची अट घातली नाही, हे त्याचे वैगुण्य. पण माणुसकीच्या हेतूने केलेल्या मदतीला शिक्षा न करण्याची मोकळीक त्याने सदस्य देशांना दिलेली आहे. म्हणजे फ्रेंच संसदेने प्रवेशाच्या बाबतीतही निःस्वार्थ मदतीला सूट द्यायचे ठरवले, तर तिचा हात धरणारे कोणी नाही. तिने ते करावे, आणि लाभ हीच गुन्ह्याची कसोटी ठेवावी.

'एकाला घेतले तर शंभर येतील' ही भीती या सुधारणेविरुद्ध मांडली जाते. पण बर्फात सापडलेल्या माणसाला उचलणाऱ्याला सोडून दिले म्हणून शंभर जण बर्फात उतरतील, हे मानायला मला आधार दिसत नाही. ते उतरतात ते पाठीमागच्या युद्धामुळे, भुकेमुळे, राजवटींमुळे. आणि समजा ते येतीलच, तरी त्यांच्याविषयी काय करायचे हा राज्याच्या धोरणाचा प्रश्न राहतो. तो सोडवण्यासाठी उचलणाऱ्याचे हात बांधून ठेवणे म्हणजे शंभरांची भीती घालून एकाला मरू देणे होय, आणि तिसऱ्याचे नाव घेऊन समोरच्याला काहीच उत्तर न देण्याची जी खूण मी वर सांगितली ती इथे पुरी लागू पडते.

हे काल्पनिक नाही. १० मार्च २०१८ रोजी, म्हणजे त्या निर्णयाच्या चार महिने आधी, आल्प्समधल्या सुमारे १८५० मीटर उंचीवरच्या मोंझनेव्र खिंडीजवळ एका स्वयंसेवकाला बर्फात एक नायजेरियन कुटुंब सापडले: नवरा, दोन मुले आणि आठ महिने उलटलेली गरोदर स्त्री. त्याने त्यांना गाडीत घेतले आणि ब्रियांसोंच्या रुग्णालयाकडे निघाला. वाटेत तिला कळा सुरू झाल्या. रुग्णालय जवळ आले असताना सीमाशुल्काच्या पथकाने गाडी अडवली आणि चौकशीत वेळ गेला. त्याच रात्री मूल जन्मले. नंतर त्या माणसाला बेकायदा प्रवेशाला साहाय्य केल्याच्या संशयावरून चौकशीला बोलावण्यात आले. परक्याला परत पाठवता येईल, पण त्याच्या नाशाला कारण न होता, ही कांटची अट सव्वादोनशे वर्षे जुनी आहे. ती त्या खिंडीत त्या माणसाने पाळली, आणि चौकशी त्याचीच झाली.